हेडफोन घेण्याआधी तुमचा दिवस मोजा

“दोन हजारांत चांगला हेडफोन कोणता?” वाचक हा प्रश्न वारंवार विचारतात, आणि प्रत्येक वेळी आम्हाला उलट विचारावं लागतं: तो तुमच्या डोक्यावर रोज किती तास, कुठे आणि कशासाठी राहणार आहे? याचं उत्तर मिळालं की अर्धी निवड झालेली असते. ते नसलं, तर खोक्यावरचे मोठमोठे आकडे तुमच्या वतीने निर्णय घेतात.

कवठे महांकाळसारख्या तालुक्याच्या गावी अडचण थोडी वेगळी आहे. दुकानात मोजकेच नमुने मिळतात आणि तेही बहुधा बंद खोक्यात. मोबाईलवर शेकडो दिसतात, पण कानाला लावून बघता येत नाहीत. पुढे बिघाड झाला तर सेवा केंद्रासाठी बहुतेक वेळा सांगली, मिरज नाहीतर कोल्हापूर गाठावं लागतं. हजार-दीड हजारांच्या वस्तूपायी कामाचा खाडा आणि एसटीचं भाडं जातं ते वेगळंच. म्हणून इथल्या खरेदीदाराने घेण्याआधीच थोडी जास्त चौकशी केलेली बरी. ती कशी करायची, ते क्रमाने बघू.

पायरी १: वापर कागदावर लिहा

तुमचा मुख्य वापर खालीलपैकी कोणता, ते ठरवा. दोन असतील तर ज्यात जास्त तास जातात तो धरा.

- अभ्यासिकेत किंवा घरी व्याख्यानं ऐकणं. स्पर्धा परीक्षेची तयारी करणाऱ्यांच्या डोक्यावर हेडफोन सलग तीन-चार तास असतो. इथे वजन, गादीचा मऊपणा आणि बोलण्याची स्पष्टता या तीनच गोष्टी बघा.
- एसटी किंवा रेल्वेचा रोजचा प्रवास. सांगली-मिरजेला जाऊन-येऊन करणाऱ्यांना इंजिनाची घरघर दाबणारं नॉइज कॅन्सलेशन खरंच उपयोगी पडतं.
- घरून काम, ऑनलाइन बैठका. माइक चांगला हवा. लॅपटॉप आणि फोन एकाच वेळी जोडता आले पाहिजेत. या सोयीला मल्टिपॉइंट म्हणतात.
- घरात टीव्ही बघणं. मुलांच्या परीक्षा चालू असताना आवाज बंद ठेवून मालिका किंवा सामना बघायचा असेल, तर टीव्हीत ब्लूटूथ आहे का ते आधी तपासा. नसेल तर वायर लावता येणारा हेडफोन घ्या.
- गाणं, भजन, शास्त्रीय संगीत ऐकणं. आवाजाचा समतोल सगळ्यात महत्त्वाचा. ढोल बडवल्यासारखा बेस इथे आड येतो.
- बागेत, शेडवर, गोठ्यात काम करताना ऐकणं. यासाठी कान पूर्ण झाकणारा हेडफोन घेऊच नका. घामाने तो लवकर खराब होतो आणि मागून आलेला ट्रॅक्टर ऐकू येत नाही.

एक गोष्ट हवामानाची. आपल्याकडे मार्च ते मे कान झाकून बसणं सोपं नसतं. पत्र्याच्या खोलीत दुपारी अभ्यास करत असाल तर कातडीसारख्या गुळगुळीत गादीपेक्षा कापडी किंवा जाळीदार गादी सुसह्य होते. तशी मिळाली नाही तर निदान बदलता येणारी गादी असलेला हेडफोन बघा.

पायरी २: ओव्हर-इअर म्हणजे नेमकं काय, ते ओळखा

सर्वाधिक गोंधळ इथे होतो. डोक्यावरून पट्टी असलेला प्रत्येक हेडफोन ओव्हर-इअर नसतो.

- ओव्हर-इअर: गादी कानाच्या भोवती बसते, अख्खा कान आत मावतो. बाहेरचा आवाज कमी येतो आणि आतला बाहेर कमी जातो. आकाराने मोठा आणि उन्हाळ्यात गरम.
- ऑन-इअर: गादी कानाच्या पाळीवर टेकते. हलका आणि हवेशीर असतो, पण तासा-दीड तासाने कान दुखू शकतो. चष्मा लावणाऱ्यांना आणि कानात कुड्या-बाळ्या घालणाऱ्यांना हा दाब लवकर जाणवतो.

फोटोत दोन्ही सारखेच दिसतात. सोनीचा डब्ल्यूएच-सीएच५२०, जेबीएलचा ट्यून ५२०बीटी आणि बोटचा रॉकर्झ ४५० हे तिन्ही ऑन-इअर आहेत, तरी ओव्हर-इअर समजून ते घेणारे पुष्कळ असतात. बोटचा रॉकर्झ ५५० किंवा सोनीचा डब्ल्यूएच-सीएच७२०एन हे खरे ओव्हर-इअर. नावांवर विसंबू नका. माहितीत ‘ओव्हर-इअर’ हा शब्द लिहिलेला आहे का ते वाचा, आणि वापरलेल्या माणसाचा डोक्यावर घातलेला फोटो बघा.

वजनही बघा. दोनशे ग्रॅमच्या आसपासचा हेडफोन तीन तास सहज राहतो. अडीचशेच्या पुढे गेला की मान आणि टाळू जाणवायला लागते.

पायरी ३: खोक्यावरचे शब्द वाचायला शिका

एएनसी आणि ईएनसी. या दोन अक्षरसमूहांतला फरक न कळल्याने सर्वाधिक फसगत होते. एएनसी म्हणजे तुमच्या कानात येणारा बाहेरचा आवाज कमी करणं. हेडफोनमधला माइक तो आवाज टिपतो आणि त्याच्या उलट लहरी सोडून तो मारतो. ईएनसी म्हणजे फोनवर बोलताना तुमच्या मागचा गोंगाट समोरच्याला कमी ऐकू जाणं. ईएनसीने तुमच्या कानाला काहीही फरक पडत नाही. ‘नॉइज कॅन्सलेशन आहे’ असं दुकानदार म्हणाला तर विचारा: माझ्या कानासाठी की माइकसाठी?

एएनसीलाही मर्यादा आहेत. एकसुरी, खर्जातला आवाज ते चांगलं दाबतं, म्हणजे बसचं इंजिन, पंखा, कूलर. माणसांचं बोलणं, हॉर्न, भांड्यांचा आवाज तितका दबत नाही. शांत खोलीत अभ्यास करणाऱ्याने त्यासाठी जादा पैसे मोजण्यात अर्थ नाही.

ड्रायव्हर ४० किंवा ५० मिलिमीटर. ही आत बसवलेल्या छोट्या स्पीकरची रुंदी. मोठा म्हणजे चांगला, असं नसतं. तो कसा जुळवला आहे यावर आवाज ठरतो.

२० हर्ट्झ ते २० किलोहर्ट्झ. माणसाच्या कानाची साधारण मर्यादा हीच आहे. जवळपास प्रत्येक खोक्यावर हे छापलेलं असतं, त्यावरून निवड करता येत नाही.

ब्लूटूथचा आकडा. ५.० किंवा त्यापुढचा असला की रोजच्या वापराला पुरे. ५.३ आहे म्हणून आवाज सुधारत नाही.

कोडेक. एसबीसी सगळ्यांत असतो आणि व्याख्यानं, बातम्या, गाणी यांना चालतो. एलडीएसीसारखा वरच्या दर्जाचा कोडेक तुमच्या फोनमध्येही असेल तरच कामाला येतो.

बॅटरीचे तास. छापलेले तास मध्यम आवाजावर आणि बहुधा एएनसी बंद ठेवून मोजलेले असतात. गणित सोपं आहे: वीस तास चालणारा हेडफोन रोज तीन तास वापरलात तर साधारण सहा दिवसांनी चार्ज करावा लागेल. साठ तासांसाठी जास्त पैसे देण्याची गरज बहुतेकांना नाही.

टाइप-सी आणि ३.५ मिलिमीटर. चार्जिंगला टाइप-सी हवंच. वायर लावायचं भोकही असलेलं बरं. बॅटरी उतरली तरी बहुतेक हेडफोन वायरवर चालतात आणि जुन्या टीव्हीलाही जोडता येतात.

पायरी ४: पैसे ठरवा

किमती सणासुदीला हलतात, म्हणून हे ढोबळ टप्पे धरा.

1. दोन हजारांपर्यंत: व्याख्यानं, फोन, बातम्या यांना पुरेसा. एएनसीची अपेक्षा ठेवू नका. वॉरंटी आणि आराम बघा.
2. दोन ते पाच हजार: बरी गादी, मल्टिपॉइंट, काहींत कामचलाऊ ते चांगलं एएनसी. रोज प्रवास करणाऱ्यांनी इथे शोधावं.
3. पाच हजारांच्या पुढे: आवाजाचा समतोल, माइक आणि एएनसी तिन्ही सुधारतात. रोज चार-पाच तास कामासाठी लागत असेल तरच इथे या.

कर्जाऊ हप्त्यावर हेडफोन घेऊ नका. पाचशे रुपये कमी पडत असतील तर एक महिना थांबा.

पायरी ५: दुकानात पाच मिनिटांची परीक्षा

दुकानात नमुना उघडा असेल तर तुमच्या स्वतःच्या फोनला जोडून बघा. दुकानदार लावेल ते धडधडतं गाणं कोणत्याही हेडफोनवर छान वाटतं. तुम्ही या चार गोष्टी फोनमध्ये उतरवून न्या.

- तानपुरा. आपल्या शेजारची मिरज यासाठीच ओळखली जाते. तिथल्या सतारीला आणि तानपुऱ्याला २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. तानपुऱ्याच्या तारेखाली ब्रिजवर जवारी लावलेली असते, आणि त्यामुळे एका तारेतून अनेक सूर झंकारत उठतात. हेडफोनवर खर्जाची तार नुसती घुमत असेल आणि वरचा झंकार विरून जात असेल, तर त्या हेडफोनचा बेस फुगवलेला आहे. झंकार नीट ऐकू येऊन तो टोचतही नसेल, तर समतोल चांगला.
- मराठी बोलणं. तुमच्याच शिक्षकांचं एखादं व्याख्यान लावा. ‘स’, ‘श’, ‘च’ ही अक्षरं कानाला टोचतात का? शब्द रजईखालून आल्यासारखे वाटतात का?
- भजन. पखवाज, टाळ आणि आवाज एकत्र. टाळांच्या गजरात गाणाऱ्याचे शब्द हरवता कामा नयेत.
- चित्रफीत. ओठ आणि आवाज एकत्र जुळतात का ते बघा.

शेवटी हेडफोन पाच मिनिटं डोक्यावर तसाच ठेवा आणि मान खाली-वर करा. चष्म्याची काडी दाबली जाते का, कानाची पाळी आतल्या भागाला घासते का, ते तिथेच कळेल.

ऑनलाइन घेताना कुठे पाय घसरतो

- विक्रेता कोण? संकेतस्थळ मोठं असलं तरी माल बऱ्याचदा तिसरा विक्रेता पाठवतो. त्याचं नाव आणि वॉरंटी कोणाची, कंपनीची की विक्रेत्याची, ते वाचा.
- परत की फक्त बदली? हेडफोनच्या बाबतीत अनेकदा पैसे परत न देता फक्त बदलून देण्याची अट असते, तीही थोड्या दिवसांत. मागवण्याआधी बघा.
- तुमच्या पिनकोडवर परत न्यायला येतात का? माल पोचवतात म्हणजे परतही नेतात, असं नाही. गावाबाहेर वस्तीवर राहणाऱ्यांनी हे नक्की तपासावं.
- खोका उघडताना सलग चित्रण करा. पत्ता लिहिलेल्या बाजूपासून सुरुवात करा आणि हेडफोन चालू होईपर्यंत थांबू नका. रिकामा खोका किंवा वापरलेला माल आला तर हाच पुरावा.
- नकली माल. नामवंत कंपनीचा हेडफोन निम्म्याहून कमी किमतीत मिळत असेल तर संशय घ्या. अनुक्रमांक कंपनीच्या संकेतस्थळावर नोंदवून बघा.

खोक्यावर काय छापलेलं असलंच पाहिजे

बिनतारी हेडफोनसाठी भारतीय मानक ब्यूरोची नोंदणी सक्तीची आहे. मालावर किंवा खोक्यावर मानक चिन्हाबरोबर ‘आर’ने सुरू होणारा नोंदणी क्रमांक शोधा. हा क्रमांक ब्यूरोच्या ‘बीआयएस केअर’ ॲपमध्ये टाकला की कोणत्या उत्पादकाच्या नावावर आहे ते दिसतं. ज्यात लिथियमची बॅटरी आहे आणि जे तासन्‌तास डोक्याला लागून राहणार आहे, त्याची एवढी खातरजमा करायलाच हवी.

याशिवाय कमाल किरकोळ किंमत, उत्पादक किंवा आयातदाराचं नाव-पत्ता, कोणत्या देशात बनलं ते आणि ग्राहक सेवेचा संपर्क छापलेला असला पाहिजे. कमाल किरकोळ किमतीत सगळे कर धरलेले असतात. ‘बिल हवं तर जीएसटी वेगळा’ असं सांगून त्या किमतीच्या वर एक रुपयाही घेता येत नाही.

तुमचे हक्क

ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ हा २० जुलै २०२० पासून लागू आहे. हेडफोनसारख्या छोट्या खरेदीलाही तो पूर्ण लागू होतो.

- बिल न देणं ही अनुचित व्यापारी प्रथा आहे. चिठ्ठीवर लिहिलेला आकडा म्हणजे बिल नव्हे. दुकानाचं नाव, तारीख, मॉडेल आणि अनुक्रमांक असलेली पक्की पावती मागा.
- ‘एकदा विकलेला माल परत घेतला जाणार नाही’ असं छापलं म्हणून दुकानदार सदोष मालाच्या जबाबदारीतून सुटत नाही. बिलात मुदत दिलेली नसेल तर तीस दिवसांच्या आत सदोष माल परत घेऊन पैसे द्यायला नकार देणं हीसुद्धा अनुचित प्रथाच ठरते. माल चांगला आहे, पण रंग आवडला नाही, यासाठी मात्र हा हक्क नाही.
- ऑनलाइन कंपनीला तुमच्या तक्रारीची पोच ४८ तासांत द्यावी लागते आणि महिनाभरात ती निकाली काढावी लागते. त्यासाठीच्या तक्रार अधिकाऱ्याचं नाव आणि संपर्क संकेतस्थळावर देणं बंधनकारक आहे.

दाद मागण्याचा क्रम असा ठेवा:

1. आधी दुकानदार किंवा कंपनी यांना लेखी कळवा. तोंडी बोलणं झालं असेल तरी त्याच दिवशी संदेश पाठवून ठेवा.
2. उत्तर नाही तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनच्या १९१५ या क्रमांकावर फोन करा. तिथे मराठीतही बोलता येतं. पुष्कळ तक्रारी इथेच मिटतात.
3. तरीही दाद लागली नाही तर जिल्हा ग्राहक आयोग. तुम्ही जिथे राहता किंवा काम करता तिथे तक्रार करता येते, म्हणजे कंपनी दिल्लीची असली तरी तुम्ही सांगलीत दाद मागू शकता. पाच लाखांपर्यंतच्या खरेदीला शुल्क नाही, वकील सक्तीचा नाही, आणि मुदत दोन वर्षांची आहे. ऑनलाइन तक्रारीसाठी ‘ई-जागृती’ हे सरकारी संकेतस्थळ आहे.

बिघाड नसलेला ‘बिघाड’

परत करण्याआधी हे तीन प्रकार तपासा. यात हेडफोनचा दोष नसतो.

- बैठक सुरू झाली की गाण्यांचा आवाज बसका होतो. ब्लूटूथवर माइक चालू झाला की आवाजाचा दर्जा खाली येतो. लॅपटॉपचा स्वतःचा माइक निवडला तर हेडफोनचा आवाज पूर्ववत होतो.
- नव्या चार्जरवर चार्ज होत नाही. काही स्वस्त हेडफोन दोन्ही टोकांना टाइप-सी असलेल्या वायरवर चार्जच होत नाहीत. जुन्या, चौकोनी टोकाच्या वायरने करून बघा.
- फोनला जोडला जात नाही. घरातल्या दुसऱ्या फोनला आधीच जोडला गेलेला असतो. त्या फोनचं ब्लूटूथ बंद करा.

कान सांभाळा

जागतिक आरोग्य संघटनेच्या मार्गदर्शनानुसार प्रौढांनी सरासरी ८० डेसिबलचा आवाज आठवड्याला ४० तासांपर्यंत ऐकावा, लहान मुलांसाठी ही पातळी ७५ डेसिबल. घरात डेसिबल मोजायचं यंत्र नसतं, म्हणून आवाज फोनच्या पट्टीच्या ६० टक्क्यांच्या आत ठेवा आणि तासाभराने काढून कानांना विश्रांती द्या. हेडफोन काढल्यावर कानात शिट्टी वाजल्यासारखी वाटली तर आवाज जास्त होता, हे समजा. ती दुसऱ्या दिवशीही राहिली तर कान-नाक-घसा तज्ज्ञाला दाखवा.

द्राक्ष बागायतदारांना एक कळकळीची सूचना. ऑक्टोबर छाटणीनंतर फवारण्यांचा हंगाम सुरू होतो आणि ब्लोअरच्या आवाजावर मात करायला काही जण हेडफोन लावून गाणी मोठी करतात. त्यामुळे कानावर दुहेरी मारा होतो. ब्लोअर चालवताना गाण्याचा हेडफोन नको, कारखान्यांत वापरतात तसे आवाज रोखणारे कर्णरक्षक घाला. मोटारसायकल चालवताना आणि रेल्वे फाटक ओलांडताना हेडफोन गळ्यातही नको, पिशवीत ठेवा.

घरातल्या वडीलधाऱ्यांना कमी ऐकू येतं म्हणून हेडफोन घेत असाल, तर आधी मिरज-सांगलीत त्यांची श्रवण तपासणी करून घ्या. त्यांना श्रवणयंत्राची गरज असेल तर हेडफोनने ती भागत नाही.

टिकवायचा कसा

- वापरानंतर गादी कोरड्या सुती कापडाने पुसा. घामाने कृत्रिम कातडं सुटायला लागतं.
- उन्हात उभ्या गाडीत किंवा पत्र्याखालच्या फळीवर ठेवू नका. उष्णतेने बॅटरी लवकर म्हातारी होते.
- महिनोन्‌महिने वापरणार नसाल तर अर्धा चार्ज करून ठेवा आणि दोन-तीन महिन्यांनी पुन्हा करा.
- बॅटरी फुगली तर चार्जिंग ताबडतोब थांबवा. कचऱ्यात किंवा उकिरड्यावर टाकू नका, ई-कचरा घेणाऱ्याकडे द्या.

दुकानात न्यायची चिठ्ठी

1. रोजचे तास आणि मुख्य वापर
2. जास्तीत जास्त किती रुपये
3. कान आत मावतो का, चष्म्यावर दाब येतो का
4. वजन, टाइप-सी, वायरची सोय
5. ‘आर’ क्रमांक ॲपमध्ये तपासला का
6. वॉरंटी किती, सेवा केंद्र कुठे, माल नेऊन द्यावा लागेल की ते घेऊन जातील
7. अनुक्रमांक असलेली पक्की पावती

घरी आलात की पावतीचा आणि अनुक्रमांकाचा फोटो काढून स्वतःलाच पाठवा, कारण पावतीवरची शाई वर्षभरात फिकी पडते. मग पहिल्या तीन दिवसांत हेडफोन मुद्दाम भरपूर वापरा: पूर्ण चार्ज करून उतरेपर्यंत चालवा, दोन फोन करा, एक सलग व्याख्यान ऐका. दोष असेल तर तो बदलून मिळण्याची मुदत संपायच्या आत समोर येईल, आणि सांगलीची फेरी वाचेल.